बोटाची वस्तुस्थिती

आमच्या आण्णांच्या उजव्या हाताला चारच बोटं आहेत. अंगठ्याशेजारचं, लोक दुसऱ्याकडे दाखवायला वापरतात ते, नाही. ते कसं गेलं याची कारणं मी लहानपणापासून ऐकत आले. चीनच्या सरहद्दीवर गोळी लागून गेलं. कोयनेच्या रानात अस्वलानं ओढलं. भिलवडीजवळ नदीत मगरीनं नेलं. एकदा तर घरी आलेल्या पाहुण्यांना त्यांनी सांगितलं, की एका संस्थानिकाच्या मोटारीचं दार लावताना गेलं आणि राजेसाहेबांनी स्वतः खाली उतरून माफी मागितली. ते पाहुणे मला बघायला आले होते. मला त्यांनी नाकारलं, पण बोटाची गोष्ट घेऊन गेले. पुढे काही वर्षांनी सांगलीत एका लग्नाच्या पंगतीत ती मला तिसऱ्याच माणसाकडून ऐकायला मिळाली, आणि तोवर तिच्यात राजेसाहेब रडायलाही लागले होते.

आण्णा, म्हणजे माझे वडील, सैन्यात कधीच नव्हते. कुठल्याही संस्थानिकाच्या मोटारीच्या दहा हातांत ते आले नसतील. ते ट्रक चालवत. सांगलीच्या पेठेत हळद आणि गूळ भरायचा, कराड-सातारा करत, खंबाटकीचा घाट उतरून साताऱ्याकडच्या खंडाळ्याला न्यायचा, तिथं मालकाच्या भावाची गाडी उभी असायची, तिच्यात माल चढवायचा आणि माघारी फिरायचं. भावाची गाडी पुढे पुण्यामुंबईला जायची. आण्णा मात्र उभ्या नोकरीत खंडाळ्याच्या पुढे गेले नाहीत. असं असूनही काश्मीरपासून कलकत्त्यापर्यंत त्यांनी चालवला नाही असा रस्ता नव्हता, आणि प्रत्येक रस्त्यावर त्यांच्या बाबतीत काही ना काही घडलेलं होतं.

घडलेलं ऐकायचं ठिकाण म्हणजे कराडजवळच्या मलकापुरातलं, हायवेच्या कडेचं एक सलून. आण्णांच्या घरापासून चार पावलांवर. ट्रक सोडल्यापासून आण्णा सकाळी चहा झाला की त्या सलूनच्या बाकावर जाऊन बसत ते जेवायलाच उठत. दाढीला आलेली माणसं दाढी झाली तरी उठत नसत. सलूनवाला वयानं माझ्याएवढा, हाताला हलका आणि स्वभावानं गंभीर. त्याच्याकडे दोन कामं होती. एक लोकांच्या दाढ्या करायचं आणि दुसरं आण्णांना ‘व्हय’ म्हणायचं.

हे ‘व्हय’ समजून घ्यायला हवं. आमच्याकडे कोणी गोष्ट सांगायला लागला की ऐकणाऱ्यांपैकी एकानं वाक्यावाक्याला ‘व्हय’ म्हणायचं असतं. याला हुंकार म्हणतात. व्हय म्हणजे होय एवढाच त्याचा अर्थ नाही. मला पटलं असाही नाही. मी इथंच आहे, पुढं चला, एवढाच आहे. हुंकार थांबला की सांगणारा थांबतो, मग त्याच्या हातात वाघाची शेपटी असली तरी.

घरात हे काम आईचं होतं. भाकरी थापता थापता ती ठरल्या जागी व्हय म्हणायची, आणि ती जागा कधी चुकायची नाही. मी नववी-दहावीत असताना एकदा तिला चिडून विचारलं होतं, “आई, तुला कळतं ना हे सगळं खोटं आहे? मग व्हय कशाला म्हणतेस?” तिनं तव्यावरची भाकरी उलटली आणि म्हणाली, “खरं बोलायला एकटा मानूस पुरतोय. खोट्याला दोघं लागत्यात. मी न्हाई म्हणलं तर ह्येंनी कुणाकडं जायाचं?” मला तेव्हा हे उत्तर अगदीच अडाणी वाटलं होतं. दहा वर्षांपूर्वी आई गेली आणि तिचं काम सलूनवाल्याकडे आलं.

आता आण्णांची एक तरी गोष्ट सांगायला हवी, नाहीतर मी कशाबद्दल बोलते हे कळणार नाही. त्यांची सगळ्यात गाजलेली गोष्ट हळदीची. सांगलीत ट्रक भरून निघाले आणि वळवाच्या पावसानं गाठलं. ताडपत्री फाटली, पोती फुटली, आणि अख्ख्या पेठेतून पिवळं पाणी वाहायला लागलं.

“रस्त्यानं जो जो चालला हुता त्यो त्यो पिवळा,” आण्णा घरी सांगायचे, आणि आतून आईचं व्हय यायचं.

“व्हय.”

“बाया पिवळ्या, बापय पिवळं. पोष्टमन पिवळा. म्हशीबी पिवळ्या.”

“व्हय.”

“आन एकदा हळद लागली की लगीन मोडता येतंय का?”

“न्हाई की.”

“मग? सात लग्नं लावाय लागली त्या दिवशी. भटजी मिळंना. त्यातलं एक तर माजंच.”

यावर आतून आई म्हणायची, “व्हय, आन पोष्टमनचं म्हशीसंगं.” गोष्ट तिथं संपायची. लग्नं कधी सात असत, कधी अकरा. एका दिवाळीत एकवीस होती, कारण ऐकणारे जास्त होते.

दुसरी खंबाटकीची. परतीच्या वाटेवर गाडीचे सगळे गिअर अडकले आणि एकटा रिव्हर्स तेवढा चालू राहिला. आण्णांनी रिकामा ट्रक उलटा फिरवून अख्खा घाट मागे मागे चढवला. “मागनं येनाऱ्या गाड्या मला समोरासमोर दिसत हुत्या,” ते म्हणायचे, “सगळ्यास्नी रामराम घालत आलो. डायवर लोकांची तेवढी भेट झाली.” पाचगणीला कधी मालासाठी गेले होते, तिथल्या शाळेतलं एक पोरगं इंग्रजीत रडत होतं, त्याला यांनी मराठीत गप्प केलं. अशा शंभर तरी असतील. यातली एकही त्यांनी दोनदा सारखी सांगितली नाही.

लोक त्यांना तोंडावर आण्णा म्हणत आणि पाठीमागं थापाड्या. दोन्ही प्रेमानं म्हणत, हे मला आता कळतं. शाळेत कळत नव्हतं. एकदा ताप येऊन चार दिवस शाळा बुडली. बाईंनी कारण विचारलं, मी ताप म्हणाले, तर मागच्या बाकावरून आवाज आला, “थापाड्याची पोरगी हाय, बाई.” सगळा वर्ग हसला, बाईही हसल्या. मी त्या दिवशी कानाला खडा लावला. तेव्हापासून मला कुणी किती वाजले विचारलं तर मी मिनिटांसकट सांगते. पुढे मी मराठीची शिक्षिका झाले, सांगलीच्या एका हायस्कुलात तीस वर्षं मुलांची वाक्यं तांबड्या शाईनं दुरुस्त केली, आणि त्यांच्या निबंधात “एकदा मी वाघ पाहिला” असं आलं की समासात ‘कुठे?’ लिहिलं.

अशा बाईनं आण्णांचं चरित्र लिहावं हा विनोदच म्हणायचा. पण लिहिलं. आधी एका दिवाळी अंकात लेख दिला. तो लोकांना आवडला. मग सांगलीचे एक प्रकाशक घरी आले आणि म्हणाले, “बाई, पुस्तक करा. असली माणसं संपत चालली.” मी निवृत्त झाले होते, हाताला काम नव्हतं. दर शनिवारी मलकापूरला यायचं, सलूनच्या बाकावर बसायचं, मोबाईलवर आण्णांना रेकॉर्ड करायचं आणि सांगलीला जाऊन उतरवायचं, असं वर्षभर चाललं. आण्णा खूश होते. मोबाईलकडे बघून सांगताना ते जरा जपून, शुद्ध बोलायला जायचे आणि तिसऱ्या वाक्याला घसरायचे.

इथपर्यंत ठीक होतं. पण उतरवताना माझ्यातली तांबडी शाई जागी झाली. वाचकाची दिशाभूल होऊ नये म्हणून मी प्रत्येक गोष्टीच्या शेवटी एक छोटी चौकट टाकली आणि तिला नाव दिलं ‘वस्तुस्थिती’. हळदीच्या गोष्टीखाली लिहिलं, ‘वस्तुस्थिती: त्या प्रवासात दोन पोती भिजली. कोणाचेही लग्न झाले नाही.’ काश्मीरच्या गोष्टीखाली लिहिलं, ‘वस्तुस्थिती: चरित्रनायक खंडाळ्याच्या पुढे गेल्याचे आढळत नाही.’ ‘आढळत नाही’ या शब्दांवर मी तेव्हा खूश होते. लग्नं किती धरायची हा प्रश्न आला तेव्हा मी सात धरली. पुस्तकात काहीतरी एक आकडा लागतो.

राहिलं बोट. बोटाच्या मला एकंदर चौदा हकिगती मिळाल्या. त्यातली खरी कुठली हे आण्णांना विचारलं तर पंधरावी मिळाली असती, म्हणून मी माणदेशात आत्याकडे गेले. आमचं मूळ घराणं तिकडचं. आज्याच्या पिढीपर्यंत मेंढरं घेऊन फिरायचं, मग थोडी शेती, दोन म्हशी. आत्या आण्णांहून मोठी, पण डोकं लख्ख. बोटाचं विचारल्यावर ती म्हणाली, “कडबाकुट्टीत गेलं की. चुलत्याच्या गोठ्यात. एकोनीस-वीसचा आसंल. पात्यांचं चाक फिरवनारा दुसराच हुता आन ह्यो कडबा सारत गप्पा मारत बसला. बोलायच्या नादात हात आत गेला.” मी विचारलं, “मग?” आत्या म्हणाली, “मग काय? चुना-हळद लावली. आन महिन्याभरानं कुनीतरी इचारलं बोटाचं, तर म्हनला अस्वलानं नेलं. त्याच्या आदी त्यो कवा खोटं बोलल्याचं मला तरी आठवत न्हाई बग.”

आत्याचं हे शेवटचं वाक्य मी वहीत लिहून घेतलं होतं. पुस्तकात घेतलं नाही, कारण चौकटीत जागा नव्हती. चौकटीत एवढंच छापलं: ‘वस्तुस्थिती: हे बोट तरुणपणी कडबाकुट्टीत सापडून तुटले.’

मी हे पुस्तक प्रेमानं लिहिलं असं मी सगळ्यांना सांगत होते. ती माझी लोणकढी थाप. प्रेम होतंच, पण त्याच्याखाली मागच्या बाकावरचं ते हसणंही होतं. पन्नास वर्षांनी मला वर्गासमोर उभं राहून सांगायचं होतं, की बाई, थापा ते मारतात, मी नाही. फक्त त्यासाठी मी दीडशे पानं खर्च केली.

पुस्तक निघालं आणि चांगलंच चाललं. नाव प्रकाशकांनी ठेवलं, त्यात ‘अस्सल’ हा शब्द होता, आणि त्यात काही चुकलं असं त्यांना वाटलं नाही. चौकटी तर फारच गाजल्या. लोक मोबाईलवर चौकटीचे फोटो एकमेकांना पाठवायला लागले. कराडात कुणी बायकोला उशीर का झाला ते सांगायला लागलं की ती म्हणायची, “आता वस्तुस्थिती सांगा.” सलूनवाल्यानं एक प्रत सुतळीला बांधून आरशाशेजारी टांगली. आण्णांनी दुसरी प्रत कापडी पिशवीत घातली आणि जातील तिथं न्यायला लागले. वाचली मात्र नाही. त्यांना वाचता येतं, पण अक्षर लावत लावत, आणि स्वतःच्याच गोष्टी वाचायच्या कशाला असं त्यांना वाटलं असणार. ‘लेकीनं माज्यावर पुस्तक लिवलंय’ एवढं त्यांना पुरे होतं. चौकटींबद्दल मीही त्यांना सांगितलं नव्हतं. सांगू म्हणता म्हणता राहिलं असं मी स्वतःला समजावत होते. खरं तर मला धीर झाला नाही.

मग कराडात एका सभागृहात त्यांचा सत्कार झाला. शाल, श्रीफळ, फेटा. आण्णांनी नवा पांढरा सदरा घातला होता. सूत्रसंचालन करणारा गृहस्थ बोलण्यात पटाईत. त्यानं पुस्तकातली बोटाची गोष्ट वाचायला घेतली, मगरीची. छान वाचली. मगरीनं पाय धरला, आण्णांनी हात घातला, मगर म्हणाली यातलं एक काहीतरी ठेवून जा, तर आण्णांनी विचार करून बोट ठेवलं. लोक हसत होते. आण्णा खुर्चीत पुढे सरकून ऐकत होते आणि त्यांचे ओठ हलत होते. मग सूत्रसंचालक थांबला, चष्मा वर केला, आणि म्हणाला, “आता चौकट.”

‘वस्तुस्थिती: हे बोट तरुणपणी कडबाकुट्टीत सापडून तुटले.’

त्या दिवशीचं सगळ्यात मोठं हसू त्यावर झालं. मी पहिल्या रांगेत होते. आण्णांनी आधी माझ्याकडे पाहिलं, मग स्वतःच्या हाताकडे, आणि तो हात हळूच शालीखाली घेतला. मी त्यांना असं करताना कधी पाहिलं नव्हतं. ज्या हाताची त्यांनी आयुष्यभर जाहिरात केली तो हात त्यांनी झाकला. मला भर सभेत लाज वाटली, आणि ती त्यांची नव्हती, माझी मला वाटली.

परत येताना रिक्षात आण्णा मलकापूरचा फाटा आल्यावर म्हणाले, “बोट गेलं तवा लय दुकलं न्हाई बग. तुज्या आज्यानं इचारलं, काय रं, बोलायच्या नादात बोट घालवलंस? मानसं हसली. त्ये दुकलं.” मी म्हणाले, “आण्णा, मला ठाऊक नव्हतं.” ते म्हणाले, “तुला कशाला ठावं आसंल? मी कुठं सांगितलंवतं?” मग म्हणाले, “साठ वर्सं त्या कडबाकुट्टीतनं हात भाईर काडत हुतो मी. तू परत आत घातलास.”

मी रिक्षाचे पैसे दिले आणि त्यांना उतरवून घेतलं.

दुसऱ्या दिवसापासून आण्णा सलूनमध्ये जायचे ते नुसते बसायला. कुणी म्हणालं, आण्णा, ती खंबाटकीची सांगा की, तर ते सुतळीला टांगलेल्या पुस्तकाकडे हनुवटी करायचे आणि म्हणायचे, “पुस्तकात हाय. वाचा.” सुरुवातीला लोकांना वाटलं ही पण गंमत आहे. एकदोनदा त्यांनी सुरुवात केलीही. पण हळदीची नऊ लग्नं म्हणताच बाकावरचा एकजण म्हणाला, “आवं आण्णा, पुस्तकात सात हायत.” आण्णा म्हणाले, “मग सातच आसतील,” आणि उठले.

महिन्याभरानं सलूनवाल्याचा मला फोन आला. तो फोनवरही गंभीरच असतो. “बाई, एक सांगू का? रागावू नका. माणसं आता नुस्ती दाढी करून जात्यात.” मी म्हणाले, बरं. तो म्हणाला, “तुमचं पुस्तक चांगलं हाय. पण पुस्तकाला व्हय म्हणायची काय सोय न्हाई.”

मी दर शनिवारी जातच होते. आण्णा जेवायचे, टीव्हीवर हवामान बघायचे, पावसाचं खरं सांगतात का विचारायचे आणि झोपायचे. तब्येत बिघडली नव्हती, पण बोलणं आटलं होतं. मी काय काय करून पाहिलं. त्यांना जुनी ट्रकची चित्रं आणून दाखवली. पाचगणीला नेऊन आणलं. तिथं एका शाळेच्या फाटकाशी उभं करून म्हणाले, “इथलंच का हो ते इंग्रजीत रडणारं पोर?” ते फाटकाकडे पाहून म्हणाले, “कसलं पोर? आढळत न्हाई.” माझाच शब्द त्यांनी मला परत केला. म्हणजे पुस्तक वाचलं होतं तर, अक्षर लावत लावत, चौकटीचौकटीनं. मी स्ट्रॉबेरी घेतली आणि आम्ही परत आलो.

अशात प्रकाशकांचा निरोप आला की दुसरी आवृत्ती काढू या, आणि चौकटी जरा वाढवा, लोकांना चौकटीच हव्या आहेत. मी बघते म्हणाले आणि फोन उचलायचा बंद केला.

मग गेल्या उन्हाळ्यात आण्णांच्या आधार कार्डाचं काम निघालं. रेशनवर अंगठा लावायचा तर मशीन त्यांचा अंगठा ओळखेना. स्टिअरिंग धरून धरून बोटांच्या रेघाच पुसल्या होत्या. दुकानदार म्हणाला, बोटं नवीन घालून आणा. म्हणजे नवीन ठसे. सेवा केंद्र हायवेच्या पलीकडे, एका गाळ्यात. सकाळी दहाला गेलो तर पंधरावीस माणसांची रांग. ऊन तापलेलं. आण्णा प्लास्टिकच्या खुर्चीत बसले, मी शेजारी पिशवी धरून उभी. रांगेतल्या दोघातिघांनी त्यांना ओळखलं, आपसात कुजबुजले आणि गप्प बसले. अलीकडे लोक त्यांच्यासमोर असेच गप्प बसत.

नंबर आला. कॉम्प्युटरवर एक तरुण मुलगी होती, जतकडची असावी, बोलण्यात मधूनच कानडी हेल. पुस्तकबिस्तक तिच्या गावी नव्हतं. तिनं आण्णांचा डावा हात मशीनवर दाबून घेतला. मग उजवा घेतला आणि थांबली. “आजोबा, एक बोट कमी येतंय.”

“कमीच हाय,” आण्णा म्हणाले.

“मग तसं टाकावं लागतंय. हाताचा फोटो काढायचा. हात वर धरा.” आण्णांनी हात धरला. पण शालीखालून काढल्यासारखा, अर्धाच. तिनं फोटो काढला आणि मग सहज, फोटो पुढे सरकेपर्यंत वेळ जावा म्हणून विचारलं, “कशानं गेलं हो आजोबा?”

मागची रांग एकदम पुढे सरकली. त्यातल्या निम्म्यांना उत्तर पाठ होतं. आण्णांनी हात खाली घेतला. मुलीकडे पाहिलं नाही, माझ्याकडेही नाही. समोरच्या भिंतीवरच्या सूचनांकडे बघत म्हणाले, “लेकीला इचारा. तिला सगळी वस्तुस्थिती ठावं हाय.”

मुलीनं माझ्याकडे पाहिलं. रांगेनंही पाहिलं. माझ्या तोंडात कडबाकुट्टीतला ‘क’ आला होता. तीस वर्षांची सवय, प्रश्नाला उत्तर द्यायचं आणि बरोबर द्यायचं. पण माझ्या डोळ्यांपुढे तो अर्धा धरलेला हात होता.

“मगरीनं नेलं,” मी म्हणाले.

रांगेत कुणीतरी खोकलं. मुलीनं कीबोर्डवरचा हात काढला. “मगरीनं?”

“भिलवडीजवळ,” मी म्हणाले. “ट्रक धुवायला नदीत उतरले होते.”

आता पुढे काय? थाप मारणं किती कठीण असतं हे साठीला आलेल्या बाईला भर सेवा केंद्रात कळत होतं. वाक्य हवेत टाकायचं आणि त्याला खालून काही आधार नाही. मी तशीच उभी होते, आणि खुर्चीतून, भिंतीकडेच बघत, आण्णा म्हणाले,

“व्हय.”

अगदी आईच्या जागेवर म्हणाले.

“कमरेएवढ्या पाण्यात होते,” मी म्हणाले.

“व्हय.”

“हिवाळ्याचे दिवस. नदीला पाणी बेताचं. मगर... मगर मोठी होती.”

“व्हय.”

“दहा फूट असेल.”

इथं व्हय आलं नाही. मी आण्णांकडे पाहिलं. त्यांनी मान वळवली होती आणि ते माझ्याकडे असे बघत होते, जसं मी मुलांच्या निबंधाकडे बघायची. “धा?” ते म्हणाले. “धा फुटाच्या मगरीला मी बोट दिलं आसतं व्हय?”

रांगेत हसू फुटलं. मी म्हणाले, “नाही, बावीस फूट. मी चुकले.”

“आन नुस्ती मगर न्हाई,” आण्णा खुर्चीत पुढे सरकले, “लेकुरवाळी. पाठीवर चार पिल्लं. मी म्हनलं बाई, मी हितं ट्रक धुतोय, तू तुजं बग. तर ती म्हनली...” आणि हात वर गेला. पुरा. चारही बोटं पसरून, मुलीच्या नाकासमोर. रांगेतून दोघंजण एकदम “व्हय” म्हणाले. सलूनवाल्याचा धाकटा भाऊ त्यात होता. मशीनवर कसला तरी दिवा लागून विझत होता, आणि पुढच्या नंबरला कुणी आवाज देत नव्हतं.

गोष्ट बरीच लांबली. त्यात शेवटी मगरीनं पिल्लाला दात यायला लागलेत म्हणून चघळायला काहीतरी मागितलं आणि आण्णांनी बापाचं काळीज असल्यामुळे बोट काढून दिलं. कडबाकुट्टी धरून ही सोळावी हकिगत. ती माझ्या पुस्तकात नाही.

मुलगी डोळे मोठे करून ऐकत होती. गोष्ट संपल्यावर ती हळूच म्हणाली, “खरंच का हो, आजोबा?”

आण्णांनी माझ्याकडे अंगठ्याशेजारच्या, नसलेल्या बोटानं दाखवलं.

“ही माजी लेक. तीस वर्सं शाळंत मास्तरीण हुती, सांगलीला. हिनंच सांगितलं न्हवं का तुला आदी? ती खोटं बोलंल व्हय?”

सगळी रांग माझ्याकडे बघायला लागली. मी म्हणाले, “नाही.”